खालची ओळ

जुलैच्या मध्यावर पावसानं आठ-दहा दिवस ठाण मांडलं की आमच्या वरसे गावात रात्री कुंडलिकेचा आवाज येतो. दिवसा तो येत नाही. दिवसा धाटावच्या कारखान्यांची घरघर असते, रोह्याकडे जाणाऱ्या रिक्षा असतात, शाळा सुटल्याचा कालवा असतो. मध्यरात्र उलटली की हे सगळं निवतं आणि पत्र्यावर कोसळणाऱ्या पावसाच्याही खाली एक जाड, सलग सूर उरतो. तो कानाला कमी आणि जमिनीला टेकलेल्या पाठीला जास्त कळतो. उन्हाळ्यात हीच नदी दगडांवरून वरच्या सुरात खळखळत असते. पाणी चढलं की तिचा सूर उतरतो.

हा फरक मी लहानपणापासून ऐकत आले. त्याच्याकडे कान गेला तो मात्र पुष्कळ उशिरा, आणि तोही दोनशे वर्षांपूर्वी व्हिएन्नात लिहिल्या गेलेल्या एका सिम्फनीमुळे.

बाबा गावच्या भजनी मंडळात टाळकरी होते. बुवा पेटी घेऊन पुढे, त्यांच्या शेजारी पखवाज, आणि मागे दोन ओळींत आठ-दहा माणसं. बाबा मागच्या ओळीत. बुवांनी अभंगाचं चरण म्हटलं की ही माणसं ते उचलायची आणि धरून ठेवायची, म्हणजे बुवा पुढची जागा घ्यायला मोकळे. भजन संपल्यावर लोक बुवांच्या गळ्याबद्दल बोलत, पखवाजाच्या हाताबद्दल बोलत. मागच्या ओळीबद्दल कुणी बोलल्याचं मला आठवत नाही. मी सातवी-आठवीत असताना एकदा बाबांना म्हटलं, "बाबा, एवढ्या सगळ्यांत तुमचा आवाज ऐकूच येत नाही." ते टाळांची दोरी गुंडाळत होते. म्हणाले, "माझा एकट्याचा ऐकू यायला लागला ना बाय, तर बुवा भजन थांबवतील." मला ते उत्तर तेव्हा आवडलं नाही. मला पुढे बसलेले बाबा हवे होते.

नोकरीसाठी मुंबईत आले तेव्हा काळा घोड्याला ऱ्हिदम हाउस होतं. २०१६ साली बंद पडेपर्यंत संगीताची ओढ असलेल्या कितीतरी माणसांची पावलं तिथं वळायची. तिथून मी बीथोवनच्या सहाव्या सिम्फनीची कॅसेट आणली. 'पास्टोरल' हे तिचं नाव. गाव, ओढा, वादळ, गुराखी असं सगळं तिच्यात आहे एवढं वाचलं होतं आणि त्या आठवड्यात घरची फार आठवण येत होती, एवढंच तिची निवड करण्यामागचं कारण.

पहिल्यांदा ऐकली तेव्हा हाताला काही लागलं नाही. गोड होतं, पण सगळं निसटून जात होतं. आता कारण कळतं. माझा कान मैफलीत घडलेला. मैफलीत एक गळा असतो, तो राग हळूहळू उघडत नेतो, आणि बाकीचे त्याला साथ करतात. मी त्या चाळीस मिनिटांत गवई शोधत होते. सगळ्यांत वर पहिली व्हायोलिनं ऐकू येत होती म्हणून त्यांचा पदर धरला. ती थांबली की मी हरवायची. दुसऱ्या भागात, ओढ्याकाठच्या दृश्यात, ती तुकड्यातुकड्यांनी गातात आणि मध्येच गप्प होतात, त्यामुळे ती बारा मिनिटं मला रिकामी वाटली. ती रिकामी नव्हती. मी भरलेल्या ठिकाणी कान ठेवलाच नव्हता.

मग या सिम्फनीची स्वरलिपी मिळवली. भातखंड्यांच्या पुस्तकांमुळे आपल्याला स्वरलिपी ओळखीची आहे: मात्रांची घरं, त्यांत स्वर, आणि डावीकडून उजवीकडे वाचत जायचं. सिम्फनीचं पान आडवं तर वाचायचं असतंच, पण उभंही वाचावं लागतं. सगळ्यांत वर बासरी, तिच्याखाली ओबो, क्लॅरिनेट, बसून, मग हॉर्न आणि ट्रम्पेटसारखी पितळी वाद्यं, त्यांच्याखाली टिंपनी नावाचे मोठे नगारे, मग पहिली व्हायोलिनं, दुसरी व्हायोलिनं, व्हायोला, आणि पानाच्या अगदी तळाशी चेलो व डबल बेस. एका क्षणाला दहा-बारा माणसं दहा-बारा गोष्टी करत असतात आणि त्या सगळ्या मिळून तो क्षण होतो. इतकं एकदम वाचणं मला जमेना. म्हणून वहीच्या पुठ्ठ्याची एक पट्टी कापली आणि पानाचा वरचा भाग झाकून टाकला. ठरवलं, आठवडाभर फक्त खालच्या ओळी वाचायच्या आणि कॅसेटमध्ये फक्त त्याच ऐकायच्या.

पहिल्याच पानावर मी थबकले. सिम्फनी सुरू होते तेव्हा व्हायोला आणि चेलो दोनच सूर धरून असतात, एफ आणि सी. आपल्या भाषेत षड्ज आणि पंचम. वर व्हायोलिनं एक साधी, चालता चालता गुणगुणावी अशी लकेर काढतात आणि चौथ्या मापाला श्वास घेतात. खाली मात्र तानपुऱ्याची जोडी लागलेली असते. युरोपातल्या खेड्यांत मशकबाजा वाजायचा, त्याचा हा न थांबणारा सूर, असं जाणकार सांगतात. मला त्यात माझ्या घरची ओसरी दिसली. तीन-चार महिने मी ही सिम्फनी परकी समजून ऐकत होते आणि तिच्या पहिल्या पावलाखाली सा आणि प होते.

पुढे गेल्यावर मोठं नवल भेटलं. पहिल्या भागाच्या मध्यावर बीथोवन त्या लकेरीतला एका मापाचा तुकडा उचलतो आणि तोच पुन्हा पुन्हा वाजवत राहतो. डझनावारी वेळा तोच तुकडा. वरून ऐकलं तर माणूस कंटाळेल. पण पुठ्ठ्याची पट्टी सरकवली आणि खाली पाहिलं, तर तिथली जमीनच बदलत होती. एफला षड्ज मानलं तर आधी सगळा वाद्यमेळ शुद्ध मध्यमाच्या घरात उभा राहतो, बराच वेळ राहतो, आणि मग एका पावलात धैवताच्या घरात जातो. पुढे पुन्हा तसंच, रिषभाकडून निषादाकडे. वरचा तुकडा तोच, वळण तेच, पण खालचा आधार सरकला की त्याच्यावर वेगळंच ऊन पडतं. आपल्याकडे तानपुरा एकदा जुळला की मैफल संपेपर्यंत षड्ज हलत नाही. तो हलू नये म्हणूनच तर आपला जीव असतो. इथे षड्जच प्रवासाला निघाला होता. वरच्या सुराचा अर्थ खालचा सूर ठरवतो हे मी कुठेतरी वाचलं असेन, पण ते कळलं त्या पानावर.

ओढ्याचा भाग मी मग नव्यानं ऐकला. पाणी कुणाकडे आहे? दुसऱ्या व्हायोलिनांकडे, व्हायोलांकडे, आणि दोन एकट्या चेलोंकडे. बाकीचे चेलो डबल बेसच्या जोडीला दिलेले आहेत. हे दोघे मात्र तारांवर आवाज दाबणारी चिमटी लावून वाजवतात, म्हणून सुराला ओलसर, सावलीतला रंग येतो. तीन-तीनच्या गटांतली ती हालचाल जवळजवळ शेवटपर्यंत सुटत नाही. वरची पहिली व्हायोलिनं काठावर बसलेल्या माणसासारखी आहेत. मधूनच एखादं वाक्य बोलतात, गप्प होतात, पुन्हा बोलतात. ती गप्प झाली की पूर्वी मला वाटायचं, आता काही चाललेलं नाही. चाललेलं असतं ते पाणी. सगळा भाग त्याचाच आहे. शेवटी पाणी क्षणभर थांबतं आणि तीन पक्षी बोलतात. बासरीत नाइटिंगेल, ओबोत लावा आणि दोन क्लॅरिनेटमध्ये कुक्कू. बीथोवननं स्वरलिपीत त्यांची नावंच लिहून ठेवली आहेत. हा कुक्कू आपल्या कोकिळेच्या आणि पावशाच्या कुळातला. त्याची हाक दोन सुरांत खाली उतरते, आपला पावशा मे महिन्याच्या अखेरीला हाकेमागून हाक चढवत नेतो.

असं उकलून ऐकलं की गाण्यातली जादू जाते, असं मला अनेकांनी सांगितलं. माझा अनुभव उलटा आहे. उकलल्यामुळे मला एकही सूर कमी सुंदर वाटला नाही. कान कुठे ठेवायचा हे मात्र कळलं. अनोळखी गावातल्या लग्नाला गेलं की समोर नुसती गर्दी दिसते. कुणीतरी शेजारी बसून सांगतं, ती नवरीची मावशी, तिनं हिला वाढवलं, तो कोपऱ्यातला मामा रात्रभर भट्टीपाशी होता. त्यानंतर तीच गर्दी घर होते. विश्लेषण माझ्यासाठी त्या शेजारी बसलेल्या माणसासारखं आहे.

पण त्याची धाव कुठवर, हे कळायला नरिमन पॉइंटला जावं लागलं.

एनसीपीएच्या जमशेद भाभा थिएटरमध्ये एका संध्याकाळी ही सिम्फनी मी पहिल्यांदा समोर बसून ऐकली. तोवर ती पाठ झाली होती. कुठल्या वळणावर कोण येणार हे माहीत होतं. तरी पहिल्या दहा मिनिटांतच माझी नजर एका माणसावर खिळली. सगळ्यांत मागे, टिंपनीपाशी तो हात मांडीवर ठेवून बसला होता. सहाव्या सिम्फनीत टिंपनी फक्त चौथ्या भागात, वादळात आहे. स्वरलिपीत त्याआधीच्या तीन भागांत तिच्या नावाची ओळसुद्धा नसते, म्हणून घरी वाचताना तो माणूस माझ्यासाठी नव्हताच. इथे तो होता. पंचवीस-तीस मिनिटं तो बाकीच्यांचं ऐकत बसला होता, आणि त्याचं ऐकणं माझ्या ऐकण्यापेक्षा फार दाट होतं. मध्ये एकदा तो वाकला, कान नगाऱ्याच्या कातड्याजवळ नेला, बोटानं हलकेच टिचकी मारून सूर तपासला आणि पुन्हा सरळ बसला. त्याच्या पुढे बसलेले ट्रोम्बोनवालेही तसेच. त्यांनाही वादळापर्यंत काम नाही. पिकोलोला तर सगळ्या सिम्फनीत तेवढी चार मिनिटंच.

वाट पाहणं हा त्या संगीताचाच भाग आहे, हे कॅसेटनं मला कधी सांगितलं नव्हतं.

तिसऱ्या भागात गावकऱ्यांचा नाच सुरू झाला. इथे बीथोवननं गावचे वाजंत्री उभे केले आहेत. ओबो तालाच्या किंचित मागे-मागे सरकत आपली धुन वाजवतो आणि खालून बसूनवाला मधूनच मोजके दोन-तीन सूर घालतो, जणू त्या बिचाऱ्याला तेवढेच येतात. वाचताना मला ते मजेदार वाटलं होतं. समोर बसून ऐकताना बसूनवाल्याचा चेहरा पाहिला. ते तीन सूर तो विलक्षण मायेनं, नेमक्या जागी ठेवत होता. आमच्याकडे शिमग्याच्या पालखीपुढे खालूबाजा असतो. सनई, ढोल, टिमकी, झांज. सगळ्यांचे डोळे सनईवाल्याच्या फुगलेल्या गालांवर असतात, पण पालखी खांद्यावर घेऊन नाचणाऱ्यांचे पाय ढोलावर पडतात. ढोलवाल्याचे बोल मोजकेच. ते चुकले तर पालखी अडखळेल.

नाच रंगात असतानाच खालून, चेलो आणि डबल बेसमधून, एक दबका थरथराट उठला. सगळा वाद्यमेळ गप्प झाला. दुसऱ्या व्हायोलिनांतून थेंब पडावेत तसे सुटे, झटपट सूर आले. आणि मग आभाळ फुटलं. इथे तळाशी काय चाललेलं असतं ते मला माहीत होतं. चेलो एका मात्रेत पाच सूर घेतात आणि त्याच मात्रेत डबल बेस चार. तबल्याच्या भाषेत पाचपट आणि चौपट एकाच वेळी. ती जाणूनबुजून एकमेकांवर बसत नाहीत, म्हणून कुठलाच सूर वेगळा ऐकू येत नाही, नुसती गडगड होते. हे गणित माझं पाठ होतं. पण खुर्चीच्या लाकडातून ते पाठीत शिरलं तेव्हा गणित आठवलं नाही. जुलैतली रात्र आठवली. आणि टिंपनीवाला उठला. अर्धा तास साठवलेलं सगळं त्यानं त्या चार मिनिटांत दिलं. मग काठ्या खाली ठेवल्या, हात पुन्हा मांडीवर घेतले, आणि शेवटच्या भागासाठी तो पुन्हा श्रोता झाला.

वादळ ओसरताना एक गोष्ट घडते, ती दाखवल्याशिवाय मला कधीच ऐकू आली नसती. सुरुवातीला दुसऱ्या व्हायोलिनांत पडलेले ते घाबरे थेंब शेवटी ओबोमध्ये संथ होऊन, लांब होऊन परत येतात आणि प्रार्थनेसारखे शांत वाटतात. ज्यानं घाबरवलं तेच थांबून आशीर्वाद झालं. मग बासरी एकटीच सुरांची शिडी चढून वर जाते आणि शेवटचा भाग उघडतो, गुराख्याचं गाणं. तिसऱ्या भागापासून इथवर कुठेही विराम नसतो, त्यामुळे टाळ्या वाजवायला कुणाला जागा मिळत नाही, आणि ते बरं आहे.

क्लॅरिनेट गुराख्याची हाक देतो, हॉर्न ती झेलतो, आणि मग मुख्य धुन येते. पहिल्यांदा ती पहिल्या व्हायोलिनांकडे. दुसऱ्यांदा तीच धुन एक पायरी उतरून दुसऱ्या व्हायोलिनांकडे, आणि पहिली व्हायोलिनं तिच्यावर नुसती झुळझुळत राहतात. तिसऱ्यांदा ती आणखी खाली येते, व्हायोला आणि चेलोंकडे, आणि तिथे पोचते तेव्हा सगळा वाद्यमेळ पूर्ण भरात असतो. स्वरलिपीत मी पेन्सिलीनं तीन बाण काढून ठेवले होते, खाली, अजून खाली. प्रत्यक्षात ते बाण माणसांच्या हातांत दिसले. पहिल्या व्हायोलिनांचे गज, मग त्यांच्या मागचे, मग व्हायोलावाल्यांचे खांदे. चाळीस मिनिटं ज्यांनी पाणी वाहतं ठेवलं, जमीन धरली, थेंब पाडले ती ही माणसं. पाऊस थांबल्यावरचं उपकारगीत बीथोवननं वरून सुरू केलं आणि एकेक पायरी उतरत त्यांच्या ओंजळीत नेऊन दिलं. माझे डोळे भरून आले.

दुसऱ्या दिवशी सकाळी दिव्याहून रोह्याची गाडी धरली. पेण गेलं, कासू गेलं, नागोठणं गेलं, आणि माझ्या डोक्यात त्या मागच्या ओळीतल्या माणसांचाच विचार होता. मुंबईत हे संगीत आजचं नाही. मेहली मेहतांनी १९३५ साली बॉम्बे सिम्फनी ऑर्केस्ट्रा उभा केला. त्यांचा मुलगा झुबिन १९३६ साली जन्मला आणि त्या तालमी ऐकत वाढला. एनसीपीएमध्ये २००६ साली खुशरू सनटूक आणि कझाकस्तानचे व्हायोलिनवादक मरात बिसेनगालियेव्ह यांनी सिम्फनी ऑर्केस्ट्रा ऑफ इंडिया सुरू केला. ही नावं कळतात, कळायलाच हवीत. पण या शहरात पिढ्यानपिढ्या व्हायोलिनचे गज ज्यांनी ओढले त्यांत फार मोठा वाटा गोव्याच्या माणसांचा आहे. पोर्तुगीज काळात चर्चला जोडलेल्या शाळांत मुलांना स्वरलिपी शिकवत. ती विद्या घेऊन ही माणसं मुंबईला आली, हॉटेलांत वाजवलं, सिम्फनीत वाजवलं, आणि हिंदी चित्रपटांच्या स्टुडिओंत बसून आपल्या सगळ्यांच्या आयुष्याला पुरतील इतकी गाणी वाजवली.

सेबास्टियन डिसोझा हे त्यांतलेच. शंकर-जयकिशनांच्या गाण्यांत गायिकेच्या धुनेखाली व्हायोलिनांची जी दुसरी धुन वाहते, तिची आखणी ते करत. माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस राहुलदेव बर्मन आणि प्यारेलाल यांचे व्हायोलिनचे गुरू. त्यांनी १९५८ साली मुंबईच्या सेंट झेवियर्स कॉलेजच्या प्रांगणात शंभराहून अधिक वादक जमवून रागांवर आधारलेल्या वाद्यवृंदरचना सादर केल्या. लता मंगेशकर आणि मन्ना डे तिथे गायले. गोन्साल्विसांना राग आणि स्वरसंवाद एका अंगणात नांदवायचे होते. लोकांना त्यांचं नाव माहीत झालं ते १९७७ सालच्या चित्रपटातल्या गाण्यामुळे. प्यारेलाल या शिष्यानं गुरूचं नाव गाण्यात गुंफलं आणि ते घराघरांत गेलं. त्यांच्या सुरांनी मात्र त्याआधीच घराघरांत कोपरा धरला होता. आमच्या ओसरीवरच्या रेडिओत मी गायकाचा गळा ऐकत होते आणि त्याच्याखालून हा वाद्यमेळ वाहत होता. सिम्फनी मला परकी वाटत होती तेव्हाही तिचं पाणी आमच्या दारावरून जातच होतं.

दारावरून जाणाऱ्या पाण्याचीही एक खालची ओळ आहे. कुंडलिका उन्हाळ्यात आटत नाही, कारण सह्याद्रीच्या पलीकडे मुळशीला अडवलेलं पाणी डोंगर फोडून भिऱ्याला उतरतं. १९२७ पासून तिथल्या वीजघरातून मुंबईला वीज जाते आणि काम उरकलेलं पाणी कोलाडवरून रोह्याकडे येतं. त्या धरणात मावळातली गावं गेली. सेनापती बापटांनी ज्या शेतकऱ्यांसाठी १९२१ साली सुरू झालेला सत्याग्रह लढवला, त्यांच्या शेतांवरून हे पाणी येतं. नरिमन पॉइंटचे झगमगते दिवे आणि माझ्या गावची नदी यांच्या तळाशी एकच सूर आहे, आणि तो दुसऱ्या कुणीतरी धरलेला आहे.

बीथोवनला हे खालचे सूर इतके का प्रिय असावेत, याचा मी पुष्कळ विचार केला आहे. १८०२ च्या ऑक्टोबरमध्ये, व्हिएन्नाजवळच्या हायलिगेनश्टाट गावी राहत असताना त्यानं भावांना एक पत्र लिहिलं आणि ते पाठवलंच नाही. त्यात त्यानं आपलं बहिरेपण कबूल केलं आहे. शेजारी उभ्या माणसाला दुरून बासरी ऐकू यावी, गुराखी गाताना ऐकू यावा आणि आपल्याला काहीच ऐकू येऊ नये, ही लाज त्यात आहे. त्यानंतर सहा वर्षांनी, २२ डिसेंबर १८०८ ला, व्हिएन्नातल्या एका गारठलेल्या नाट्यगृहात चार तास चाललेल्या कार्यक्रमात ही सहावी सिम्फनी पहिल्यांदा वाजली. पाचवीही त्याच संध्याकाळी. सहावीचा शेवट आहे गुराख्याचं गाणं. जे कानांनी हिरावून घेतलं ते त्यानं साऱ्या वाद्यमेळाला ऐकवलं.

आणि त्या दोन तारखांच्या मध्ये, १८०३ च्या सुमाराच्या त्याच्या टिपणवहीत, ओढ्याच्या खळखळीचे सूर मांडलेले सापडतात. त्यांच्याजवळ त्यानं एक छोटीशी नोंद केली आहे, की ओढा जितका मोठा तितका त्याचा सूर खोल.

हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा मी पुस्तक मिटून खिडकीशी गेले होते. ज्याचे कान जात होते, त्या माणसानं ओढ्याकाठी उभं राहून तेच टिपलं होतं जे वरसे गावातल्या कुठल्याही मुलाला जुलैत पाठीखाली कळतं. नदी मोठी होते तेव्हा ओरडत नाही. ती खाली उतरते.

बाबांना जाऊन आता बरीच वर्षं झाली. मंडळाची एक कॅसेट घरात आहे, कुणीतरी सप्ताहात ध्वनिमुद्रित केलेली. सुरुवातीला खरखर, मग पखवाज, मग बुवांचा खणखणीत आवाज. ही कॅसेट मी आधीही लावली होती आणि दर वेळी बाबांना शोधून थकले होते. परवा पावसात वीज येऊन-जाऊन होती, मध्येच आली तेव्हा पुन्हा लावली. या वेळी कानावर ती पुठ्ठ्याची पट्टी ठेवली. बुवा झाकले. पेटी झाकली. पखवाजाची वरची थाप झाकली. उरल्या दोन ओळी. पुढच्या ओळीतले बुवांच्याच पट्टीत धरत होते. आणि त्यांच्याखाली, एक सप्तक उतरून, खर्जात एक आवाज होता. तो धीमा होता आणि अभंगाचं चरण कुठेही न हलवता धरून होता. बुवा वर जात, फिरत, तान घेऊन समेवर येत, ते त्याच्या भरवशावर.

त्यातून बाबांना वेगळं काढायचा मी प्रयत्न केला आणि सोडून दिला. तो एकाचा आवाज नव्हता. मागच्या ओळीतल्या चौघा-पाचांचा मिळून तो एक झाला होता, आणि त्यात बाबा होते. कॅसेट संपली, वीज पुन्हा गेली. अंधारात पत्र्यावर पाऊस वाजत होता, आणि त्याच्या खाली कुंडलिका.